झूझँथेली

झूझँथेली ही समुद्री प्राण्यांच्या शरीरात राहणारी, सूर्यप्रकाशावर अन्न तयार करणारी सूक्ष्म, एकपेशीय, पिवळसर तपकिरी शैवाले होत. प्रवाळ, समुद्रफुले, काही जेलीफिश, महाशिंपले आणि फोरॅमिनिफेरा यांसारख्या यजमानांच्या ऊतींमध्ये ती वास्तव्य करतात. बहुसंख्य झूझँथेलींचा समावेश डायनोफ्लॅजेलेट म्हणजेच द्विकशाभिक जीवांच्या सिम्बायोडिनिएसी या कुलात होतो. उष्ण कटिबंधातील प्रवाळभित्तींची उभारणी याच सहजीवनाच्या बळावर होते. समुद्राचे तापमान वाढले की हे सहजीवन तुटते, प्रवाळ पांढरे पडतात आणि पुष्कळदा मरतात. या घटनेस प्रवाळ विरंजन असे म्हणतात.

नाव व व्युत्पत्ती

'झूझँथेली' हा शब्द ग्रीक भाषेतील 'झूऑन' म्हणजे प्राणी आणि 'झँथॉस' म्हणजे पिवळा या शब्दांपासून बनला आहे. प्राण्याच्या देहात आढळणारी छोटी पिवळी पेशी असा त्याचा अर्थ होतो. जर्मन प्राणिशास्त्रज्ञ कार्ल ब्रांट यांनी १८८१ मध्ये हे नाव प्रचारात आणले. त्याच सुमारास प्राण्यांच्या देहातील हिरव्या शैवालपेशींसाठी त्यांनी 'झूक्लोरेली' हे नाव योजले. झूझँथेली हे वर्गीकरणशास्त्रातील नाव नाही. एका विशिष्ट जीवनपद्धतीच्या शैवालांना उद्देशून वापरली जाणारी ती सर्वसाधारण संज्ञा आहे.

संशोधनाचा इतिहास

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत प्राण्यांच्या ऊतींतील पिवळ्या पेशी हा त्या प्राण्याच्याच शरीराचा भाग मानला जात असे. त्या स्वतंत्र सजीव आहेत हे ब्रांट व त्यांच्या समकालीनांच्या निरीक्षणांतून स्पष्ट झाले. तथापि प्रवाळाला त्यांचा नेमका काय उपयोग होतो, हा प्रश्न पुढे अनेक दशके वादाचा राहिला.

ब्रिटिश प्राणिशास्त्रज्ञ सी. एम. यंग यांच्या नेतृत्वाखाली १९२८-२९ मध्ये ऑस्ट्रेलियातील ग्रेट बॅरियर रीफवर एक वैज्ञानिक मोहीम काढण्यात आली. लो आयल्स या बेटांवर तिचा तळ होता. उष्णतेसारख्या ताणाखाली प्रवाळ आपल्या ऊतींतील शैवाले बाहेर टाकतात, हे या मोहिमेच्या कामातून नोंदले गेले. मात्र प्रवाळ हे प्रामुख्याने मांसाहारी असून शैवालांपासून त्यांना अन्न मिळत नाही, असे यंग यांचे मत होते.

जपानी शास्त्रज्ञ सिरो कावागुती यांनी १९४४ मध्ये प्रवाळातील झूझँथेली शरीराबाहेर वाढवून त्या डायनोफ्लॅजेलेट असल्याचे दाखवले. लेनर्ड मस्कॅटीन आणि कॅडेट हँड यांनी १९५८ मध्ये किरणोत्सर्गी कार्बनचा वापर करून समुद्रफुलातील शैवालांनी तयार केलेले पदार्थ यजमानाच्या ऊतींत जातात, याचा थेट पुरावा मांडला. यंग यांचे मत त्यामुळे मागे पडले. थॉमस गोरो यांनी १९५९ मध्ये प्रकाशात प्रवाळांचा सांगाडा अधिक वेगाने वाढतो हे दाखवले. १९६२ मध्ये ह्यूगो फ्रॉइडेन्थाल यांनी कॅसिओपिया या जेलीफिशमधील शैवालाचे वर्णन सिम्बायोडिनियम मायक्रोअ‍ॅड्रिअ‍ॅटिकम या नावाने केले.

वर्गीकरण

प्रारंभी सर्व यजमानांतील झूझँथेली एकाच जातीच्या असाव्यात असा समज होता. सूक्ष्मदर्शकाखाली त्या जवळजवळ सारख्याच दिसतात, हे त्याचे कारण होय. डीएनएच्या तुलनेचे तंत्र उपलब्ध झाल्यावर त्यांच्यातील मोठी विविधता उघड झाली. संशोधकांनी या शैवालांचे 'ए' पासून सुरू होणाऱ्या अक्षरांनी ओळखले जाणारे गट पाडले. २०१८ मध्ये टॉड लाजनेस व त्यांच्या सहकाऱ्यांनी यांतील अनेक गटांना स्वतंत्र प्रजातींचा दर्जा दिला. त्यांतील प्रमुख प्रजाती पुढीलप्रमाणे आहेत:

• सिम्बायोडिनियम (पूर्वीचा ए गट): प्रखर प्रकाशातील उथळ पाण्यात व जेलीफिशमध्ये अनेकदा आढळते.
• ब्रेव्हिओलम (बी गट): कॅरिबियन समुद्रातील यजमानांमध्ये विशेषत्वाने आढळते.
• क्लॅडोकोपियम (सी गट): जातींच्या दृष्टीने सर्वांत समृद्ध, हिंदी व प्रशांत महासागरांतील प्रवाळांमध्ये सर्वत्र आढळते.
• ड्युरुसडिनियम (डी गट): यातील काही जाती उष्णता सहन करणाऱ्या म्हणून प्रसिद्ध आहेत.

याच अभ्यासात या कुलाचा उगम सुमारे १६ कोटी वर्षांपूर्वी, ज्युरासिक काळात झाला असावा असा निष्कर्ष काढण्यात आला. तोपर्यंत तो बराच अलीकडचा समजला जात होता. ज्युरासिक काळात झालेल्या प्रवाळांच्या प्रसाराशी हा कालखंड जुळतो.

रचना व जीवनचक्र

झूझँथेलीची पेशी सर्वसाधारणपणे ५ ते १५ मायक्रोमीटर व्यासाची असते. तिच्यात हरितलवक असून हरितद्रव्य ए व सी२ यांशिवाय पेरिडिनिन हे डायनोफ्लॅजेलेटांचे वैशिष्ट्यपूर्ण रंगद्रव्य असते. त्याच्यामुळे या पेशींना सोनेरी तपकिरी रंग येतो.

या शैवालाची दोन रूपे आढळतात. यजमानाच्या शरीरात ते गोलाकार व अचल असते आणि विभाजनाने वाढते. मुक्त पाण्यात त्याला दोन कशाभिका फुटतात आणि त्यांच्या साहाय्याने ते पोहते. प्रयोगशाळेतील संवर्धनात एकच पेशी दिवसाच्या प्रहरांनुसार ही दोन्ही रूपे आलटून पालटून धारण करते.

प्रवाळाच्या शरीरभित्तीच्या आतील थरातील पेशींत ही शैवाले राहतात. प्रत्येक शैवालपेशीभोवती यजमानाने तयार केलेले पातळ पटल असते. त्यामुळे शैवाल यजमानाच्या पेशीत असूनही पेशीद्रव्याशी त्याचा थेट संपर्क येत नाही आणि सर्व देवाणघेवाण या पटलातूनच होते. निरोगी प्रवाळाच्या पृष्ठभागाच्या एका चौरस सेंटिमीटरमध्ये दहा लाख किंवा त्याहून अधिक शैवालपेशी असू शकतात.

यजमान प्राणी

प्रवाळ: भित्ती बांधणाऱ्या बहुतेक सर्व खडकाळ प्रवाळांमध्ये झूझँथेली असतात. मात्र सर्वच प्रवाळ त्यांच्यावर अवलंबून नसतात. खडकाळ प्रवाळांच्या जवळपास निम्म्या जाती शैवालाविना जगतात आणि त्यांतील अनेक खोल, काळोख्या समुद्रात राहतात. नवरत्नांमध्ये गणले जाणारे तांबडे पोवळे ज्या भूमध्य समुद्रातील प्रवाळापासून मिळते, त्याच्यातही झूझँथेली नसतात. पोवळ्याचा तांबडा रंग त्याच्या सांगाड्यातील रंगद्रव्यामुळे असतो. याउलट भित्तीवरील प्रवाळाचा तपकिरी रंग त्याच्या शैवालांमुळे असतो आणि त्याचा सांगाडा पांढरा असतो.

जेलीफिश: कॅसिओपिया ही जेलीफिश उथळ पाण्याच्या तळाशी उलटी पडून राहते आणि शैवालांनी भरलेले आपले बाहू सूर्याकडे धरते. पलाऊ देशातील जेलीफिश लेक या सरोवरातील मॅस्टिजियस जेलीफिश दिवसभर सूर्याच्या दिशेने प्रवास करतात. सरोवराच्या काठावरील झाडांची सावली त्या टाळतात, आणि त्यांच्या शैवालांना प्रकाश मिळत राहतो.

महाशिंपले: ट्रिडॅक्ना प्रजातीच्या शिंपल्यांत शैवाले पेशींच्या आत नसून जठरापासून निघून प्रावारात पसरलेल्या सूक्ष्म नलिकांमध्ये राहतात. शिंपला दिवसा आपली कवचे उघडून रंगीत प्रावार प्रकाशात पसरतो. ट्रिडॅक्ना गिगास या सर्वांत मोठ्या जातीची लांबी एक मीटरहून अधिक व वजन २०० किलोग्रॅमहून अधिक भरते.

यांशिवाय समुद्रफुले, मृदू प्रवाळ, काही स्पंज, काही समुद्री गोगलगाई व एकपेशीय फोरॅमिनिफेरा हेही झूझँथेलींचे यजमान आहेत.

सहजीवनाची स्थापना

प्रवाळाच्या पुढील पिढीकडे शैवाले दोन मार्गांनी पोहोचतात. काही जातींत मादी अंड्यातच शैवाले भरते. पोराइट्स व माँटिपोरा या प्रजातींत हा प्रकार आढळतो. परंतु आपली अंडी व शुक्रपेशी पाण्यात सोडणाऱ्या बहुतेक जातींची अंडी शैवालविरहित असतात. अशा प्रवाळाच्या डिंभाला किंवा नुकत्याच स्थिरावलेल्या पॉलिपला आपले शैवाल भोवतालच्या पाण्यातून मिळवावे लागते.

शैवाल पॉलिपच्या मुखातून अन्नकणांप्रमाणेच आत जाते व आतील थरातील पेशींकडून गिळले जाते. सामान्यतः गिळलेला कण पचवला जातो. योग्य शैवाल मात्र टिकून राहते. शैवालाच्या पृष्ठभागावरील शर्करायुक्त रेणू आणि यजमानाच्या पेशीवरील ते ओळखणारी प्रथिने यांची या निवडीत महत्त्वाची भूमिका असते. लहान प्रवाळ सुरुवातीला अनेक प्रकारची शैवाले स्वीकारतो आणि वाढीबरोबर त्यांतील मोजकीच शिल्लक राहतात, असे अनेक जातींत दिसून आले आहे.

पदार्थांची देवाणघेवाण

उष्ण कटिबंधातील निळ्याशार समुद्रात नायट्रोजन व फॉस्फरस यांची पोषकद्रव्ये अत्यल्प असतात. अशा जवळजवळ नापीक पाण्यात प्रवाळभित्तीसारखी संपन्न परिसंस्था कशी टिकते, हे कोडे 'डार्विनचा विरोधाभास' या नावाने ओळखले जाते. चार्ल्स डार्विन यांचा प्रवाळभित्तींवरील ग्रंथ १८४२ मध्ये प्रसिद्ध झाला. झूझँथेलींशी असलेले सहजीवन हे या कोड्याच्या उत्तराचा मोठा भाग आहे.

शैवाल प्रकाशसंश्लेषणाने शर्करा, ग्लिसरॉल, मेदाम्ले व अ‍ॅमिनो आम्ले तयार करते. अनुकूल परिस्थितीत यांतील ९० टक्क्यांपर्यंत कार्बन यजमानाला मिळू शकतो. त्याच्या बदल्यात यजमानाच्या श्वसनातून निघालेला कार्बन डायऑक्साइड आणि चयापचयातून निघालेले अमोनियासारखे टाकाऊ पदार्थ शैवाल खत म्हणून वापरते. अशा रीतीने नायट्रोजन समुद्रात वाहून न जाता दोन सहचरांमध्येच फिरत राहतो.

शैवालाचे अन्न ऊर्जेने समृद्ध असले तरी वाढीस लागणारा नायट्रोजन व फॉस्फरस त्यातून पुरेसा मिळत नाही. म्हणून प्रवाळ रात्री संस्पर्शक पसरून प्लवक पकडतात. दिवसा प्रकाशावर आणि रात्री शिकारीवर अशी त्यांची दुहेरी उपजीविका असते.

सांगाड्याची वाढ: कॅल्शियम कार्बोनेटचा सांगाडा प्रकाशात अंधारापेक्षा सरासरी सुमारे तिप्पट वेगाने तयार होतो. शैवालाकडून मिळणारी ऊर्जा व ऑक्सिजन यांमुळे आणि प्रकाशसंश्लेषणात कार्बन डायऑक्साइड वापरला गेल्याने ही प्रक्रिया सुलभ होते. लाटांच्या माऱ्याने व सजीवांच्या पोखरण्याने भित्तीची सतत झीज होत असते. तिच्यापेक्षा बांधकामाचा वेग अधिक राहिला तरच भित्ती टिकते.

प्रकाश व खोली

प्रकाशाची गरज असल्यामुळे भित्ती बांधणारे प्रवाळ मुख्यतः स्वच्छ व उथळ पाण्यात आढळतात. त्यांचे प्रमाण साधारणतः ५० मीटर खोलीनंतर झपाट्याने घटते. लेप्टोसेरिससारख्या काही प्रवाळांच्या पातळ, पसरट वसाहती १०० मीटरहून अधिक खोलीवरही शैवालांसह जगतात.

प्रकाश कमी असता शैवाल आपल्यातील हरितद्रव्य वाढवते. प्रवाळाचा पांढरा सांगाडा प्रकाश विखुरतो व तो ऊतींत पुन्हा परावर्तित करतो, त्यामुळे शैवालाला मिळणारा प्रकाश वाढतो. उथळ पाण्यात याच्या उलट, प्रकाशाचा अतिरेक होतो. तेथे यजमानाची हिरवी, निळी व गुलाबी रंगद्रव्ये, तसेच अतिनील किरण शोषणारी काही संयुगे शैवालाचे रक्षण करतात. प्रवाळांचे भडक रंग हे बहुतांशी यजमानाचे असतात, तर तपकिरी व सोनेरी छटा शैवालाच्या असतात.

परस्परोपकार की नियंत्रण?

पाठ्यपुस्तकांत हे सहजीवन परस्परोपकाराचे उदाहरण म्हणून दिले जाते. यजमानाला होणारा लाभ निर्विवाद आहे. शैवालाला आश्रय, पोषकद्रव्ये व प्रकाशातील स्थिर जागा मिळते. तरीही शैवालाचा लाभ किती, याविषयी मतभेद आहेत. यजमानाच्या देहात शैवालाच्या वाढीचा वेग मुक्त संवर्धनातील वेगापेक्षा बराच कमी असतो. यजमान नायट्रोजनचा पुरवठा मर्यादित ठेवून शैवालाची संख्या आटोक्यात ठेवतो आणि जास्तीची शैवाले पचवतो किंवा बाहेर टाकतो. मस्कॅटीन यांनी १९६७ मध्ये असे दाखवले की, यजमानाच्या ऊतींचा अर्क मिसळल्यास शैवालातून ग्लिसरॉल बाहेर पडण्याचे प्रमाण वाढते. या कारणांमुळे काही अभ्यासक या नात्याकडे यजमानाने केलेली शैवालाची शेती म्हणून पाहतात.

दुसऱ्या बाजूने, शैवालही सदैव उपकारक नसते. पाण्याचे तापमान वाढल्यावर काही शैवाले स्वतःकडे अधिक कार्बन व नायट्रोजन राखतात आणि यजमानाला कमी देतात. म्हणजेच या नात्याचे स्वरूप परिस्थितीनुसार परस्परोपकार ते परजीविता यांदरम्यान बदलू शकते.

विरंजन

पाण्याचे तापमान त्या ठिकाणच्या उन्हाळ्यातील नेहमीच्या कमाल सरासरीपेक्षा केवळ १° सेल्सियसने वाढून काही आठवडे तसेच राहिले, तरी सहजीवन कोलमडू शकते. प्रखर प्रकाश व उष्णता यांच्या एकत्रित परिणामाने शैवालाच्या प्रकाशसंश्लेषण यंत्रणेस इजा होते आणि अतिक्रियाशील ऑक्सिजनचे रेणू साचतात. हे रेणू शैवाल व यजमान या दोघांच्याही पेशींना घातक असतात. अखेर शैवाले नष्ट होतात किंवा बाहेर टाकली जातात आणि पारदर्शक ऊतींतून पांढरा सांगाडा दिसू लागतो. दिवसा ज्या प्रकाशातून अन्न मिळते, तोच प्रकाश येथे हानीचे कारण ठरतो. म्हणूनच ढगाळ हवामानात किंवा सावलीत असलेले प्रवाळ काही वेळा वाचतात.

विरंजित प्रवाळ लगेच मृत झालेला नसतो. तापमान लवकर उतरले तर उरलेल्या किंवा नव्याने आलेल्या शैवालांपासून वसाहत काही आठवड्यांत ते महिन्यांत सावरू शकते. परंतु मधल्या काळात ती उपाशी असते. तिची वाढ व प्रजनन मंदावते आणि रोगांचा धोका वाढतो. उष्णता लांबल्यास ती मरते व तिच्या सांगाड्यावर तंतुमय शैवालांचा थर चढतो.

जागतिक पातळीवरील विरंजनाच्या घटना १९९८, २०१० आणि २०१४-१७ या काळात नोंदल्या गेल्या. १९९८ च्या घटनेत जगातील सुमारे ८ टक्के प्रवाळ नष्ट झाल्याचा अंदाज आहे. २०२३ मध्ये सुरू झालेली चौथी जागतिक घटना एप्रिल २०२४ मध्ये अधिकृतपणे जाहीर करण्यात आली. जगातील ८० टक्क्यांहून अधिक प्रवाळक्षेत्राला या काळात विरंजनास पुरेसा उष्णताताण सोसावा लागला. ग्रेट बॅरियर रीफवर २०१६, २०१७, २०२०, २०२२ व २०२४ या वर्षी मोठ्या प्रमाणावर विरंजन झाले. दोन घटनांमधील अंतर कमी होत गेल्याने भित्तींना सावरण्यास अवधी उरत नाही.

हवामान बदलविषयक आंतरसरकारी मंडळाच्या २०१८ च्या अहवालानुसार जागतिक तापमानवाढ १.५° सेल्सियस झाल्यास उष्ण कटिबंधातील प्रवाळभित्ती ७० ते ९० टक्क्यांनी घटतील; २° सेल्सियस वाढ झाल्यास ही घट ९९ टक्क्यांहून अधिक असेल. प्रवाळभित्तींनी सागरतळाचा एक टक्क्याहूनही कमी भाग व्यापला आहे. मात्र समुद्रातील सुमारे एक चतुर्थांश जाती आयुष्याच्या कोणत्या ना कोणत्या टप्प्यावर त्यांच्या आश्रयाने राहतात. भित्तीजवळची मासेमारी, पर्यटन आणि वादळी लाटांपासून किनाऱ्यास मिळणारे संरक्षण या सर्वांचा पाया हे सूक्ष्म शैवाल आहे.

भारतातील स्थिती

भारतात प्रवाळभित्तींची प्रमुख क्षेत्रे कच्छचे आखात, मन्नारचे आखात व पाल्कची सामुद्रधुनी, लक्षद्वीप आणि अंदमान-निकोबार ही आहेत. लक्षद्वीपची कंकणद्वीपे प्रवाळांच्या सांगाड्यांपासूनच बनलेली आहेत. त्यामुळे प्रवाळांची वाढ मंदावणे हा तेथे बेटांच्या अस्तित्वाशी निगडित प्रश्न आहे. १९९८, २०१० व २०१६ मध्ये लक्षद्वीपात तीव्र विरंजन झाले.

महाराष्ट्रात सलग मोठी भित्ती नाही. सिंधुदुर्ग जिल्ह्यात मालवणजवळ, सिंधुदुर्ग किल्ल्याच्या परिसरातील खडकाळ तळावर प्रवाळांचे विखुरलेले समूह आहेत. मालवण सागरी अभयारण्य १९८७ मध्ये घोषित झाले. पावसाळ्यातील गढूळ पाण्यामुळे येथील शैवालांना वर्षातील काही महिने कमी प्रकाश मिळतो. म्हणून गढूळपणा सहन करणारे पोराइट्ससारखे प्रवाळ येथे टिकून आहेत. या प्रवाळांमध्येही विरंजनाच्या नोंदी झाल्या आहेत. गाळ, मासेमारीची जाळी, नांगर आणि पाण्याखालील पर्यटन यांचा अतिरिक्त ताण त्यांच्यावर पडतो. विजयदुर्गाच्या पश्चिमेस सुमारे १०० किलोमीटरवर समुद्रात बुडालेले आंग्रिया बँक हे पठार असून त्याचा माथा सुमारे २० मीटर खोलीवर आहे. किनाऱ्यापासून दूर असल्याने तेथील पाणी स्वच्छ आहे व प्रवाळांना पुरेसा प्रकाश मिळतो. मराठा आरमाराचे प्रमुख कान्होजी आंग्रे यांच्यावरून या पठारास हे नाव पडले. गोव्यात ग्रँड आयलंड या बेटाभोवतीही प्रवाळ आढळतात.

भित्ती बांधणाऱ्या प्रवाळांना भारतात वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ अन्वये संरक्षण आहे. मात्र तोडणी व विक्री रोखणाऱ्या कायद्याने पाण्याचे तापमान वाढणे थांबत नाही, ही या संरक्षणाची मर्यादा आहे.

संवर्धनविषयक संशोधन

रॉबर्ट बडेमायर व डॅफ्नी फॉटिन यांनी १९९३ मध्ये असे गृहीतक मांडले की, विरंजन ही प्रवाळाला बदललेल्या परिस्थितीस योग्य असे नवे शैवाल स्वीकारण्याची संधी असू शकते. उष्णतेनंतर काही प्रवाळांत ड्युरुसडिनियमचे प्रमाण वाढते आणि त्यांची सहनशक्ती सुमारे १ ते १.५° सेल्सियसने वाढते, असे पुढे आढळले. परंतु अशा प्रवाळांची वाढ अनेकदा मंदावते. शिवाय सर्वच प्रवाळ आपले शैवाल बदलू शकत नाहीत.

ऑस्ट्रेलियातील संशोधकांनी क्लॅडोकोपियमचे संवर्धन प्रयोगशाळेत सुमारे चार वर्षे वाढत्या तापमानात केले. त्यांतील काही वाणांनी प्रवाळाच्या डिंभांची उष्णतासहनशीलता वाढवल्याचे २०२० मध्ये प्रसिद्ध झाले. मोठ्या भित्तीवर हा उपाय वापरणे अद्याप शक्य झालेले नाही. स्थानिक पातळीवर सांडपाणी व गाळ रोखणे, तसेच शैवाळ खाणारे मासे राखणे यांमुळे भित्तीला सावरण्यास मदत होते. दीर्घकालीन उपाय मात्र हरितगृह वायूंचे उत्सर्जन घटवणे हाच आहे.

तत्सम सहजीवने

प्रकाशावर जगणारा सजीव प्राण्याच्या देहात राहण्याची इतरही उदाहरणे आहेत. गोड्या पाण्यातील हिरव्या हायड्रामध्ये क्लोरेला हे शैवाल असते. युरोपच्या अटलांटिक किनाऱ्यावरील सिमसॅजिटिफेरा या चपट्या कृमीचे पोषण त्याच्या देहातील हिरव्या शैवालावर होते. उत्तर अमेरिकेतील ठिपकेदार सॅलॅमँडरच्या अंड्यांत व भ्रूणाच्या पेशींतही हिरवे शैवाल आढळते. पृष्ठवंशी प्राण्यांतील हे दुर्मीळ उदाहरण होय. इलिशिया क्लोरोटिका ही समुद्री गोगलगाय संपूर्ण शैवाल न ठेवता खाल्लेल्या शैवालातील केवळ हरितलवके आपल्या पेशींत साठवते. जमिनीवर दगडफूल या नावाने परिचित असलेल्या शैवाकात शैवालाचा सहचर प्राणी नसून कवक असतो.

हेही पहा

• प्रवाळ
• प्रवाळ विरंजन
• सहजीवन
• प्रकाशसंश्लेषण
• मालवण सागरी अभयारण्य
• शैवाक